ऊब लागलेलं रॉकेट

हेर्टा नाउनडॉर्फने बाकावरचं पहिलं रॉकेट उचललं आणि ते तिच्या हाताला गरम लागलं.

तिने हातमोजा काढून पुन्हा चाचपून पाहिलं. बाहेर माळावर घोट्याच्या वर बर्फ साचला होता, तोंड उघडलं की वाफ निघत होती, आणि हातातलं लोखंड नुकत्याच भट्टीतून काढलेल्या पावासारखं होतं. बाकावरची उरलेली रॉकेटंही तशीच. निवाऱ्याच्या कोपऱ्यात लोखंडी शेगडी रसरसली होती आणि तिच्यापुढे उकिडवा बसून तिचा धाकटा भाऊ आर्नो हात शेकत होता.

"बघतेस काय अशी? सकाळपासून शेकतोय त्यांना," तो म्हणाला. "मधून मधून कूस बदलून. आपल्याला गोवर आला होता तेव्हा आईनंसुद्धा एवढं केलं नसेल."

"तुला कुणी सांगितलं हे करायला?"

"सांगायला कशाला हवं? आघाडीवर सगळेच करतात. रात्री पांघरुणात घेऊन झोपतात. बायको नाही तर रॉकेट." त्याने डावा गाल तिच्याकडे वळवला. गालावर, डोळ्याच्या कोपऱ्यापासून हनुवटीपर्यंत, निळसर काळे ठिपके रुतलेले होते. "हे कशानं झालं? गार रॉकेटनं. नळीतून सुटल्यावरही जळत बसतं आणि सगळा फुफाटा माझ्या तोंडावर. आज बर्लिनचा मेजर आलाय, तुझी परीक्षा आहे. म्हटलं, निदान आपल्या बाजूनं काही कमी पडायला नको."

हेर्टाने रॉकेट परत बाकावर ठेवलं. आवाज होऊ न देता ठेवलं.

आर्नो जे म्हणत होता ते जुन्या रॉकेटांसाठी अगदी खरं होतं. गेल्या शरदात रॉकेट सोडायच्या त्या लांब नळ्या पहिल्यांदा पूर्वेला गेल्या, तेव्हा विटेब्स्कच्या बाजूला त्या खांद्यावर घेणाऱ्यांत तो होता. शिपाई त्यांना धुराडं म्हणत. रशियन रणगाड्याच्या चिलखतावरून साध्या तोफांचे गोळे घसरत होते आणि ही नळी एका माणसाच्या खांद्यावरून ते चिलखत फोडत होती. पण थंडी पडली तशी बारूद रेंगाळत जळायला लागली आणि शिपायांची तोंडं भाजायला लागली. तक्रारी बर्लिनला गेल्या. बर्लिनहून हुकूम सॅक्सनीतल्या या कारखान्यात आला: कडाक्याच्या थंडीतही नळीच्या आतच जळून संपेल अशी बारूद द्या.

ती बारूद हेर्टाने केली. कारखान्याच्या प्रयोगशाळेत बारुदीचं काम तिच्याकडे होतं. नवी बारूद गारठ्यातही झटकन पेट घ्यायची. म्हणजेच ऊब मिळाली तर ती नळीला पेलवणार नाही इतका दाब करायची. गेल्या आठवड्यात तिने जाड पोलादी भांड्यात कोमट बारूद पेटवून पाहिली होती आणि दाबमापकाचा काटा पट्टी ओलांडून गेला होता.

ती तशीच डायरेक्टरकडे गेली होती. डॉक्टर एगबेर्ट लोझिंगर तेव्हा पत्र लिहीत होते. बर्लिनला त्यांनी आधीच कळवलं होतं की नवं रॉकेट बारमाही आहे.

"आघाडीवर ऊब कुठाय, फ्रॉइलाइन नाउनडॉर्फ?" ते हसून म्हणाले होते. "तिथे माणसं गारठून मरतायत. रॉकेट कोण तापवत बसणार आहे? उन्हाळ्याचं उन्हाळ्यात बघू."

हेर्टालाही ते पटलं होतं. प्रयोगशाळेतल्या माणसांना आघाडी म्हणजे नुसती थंडी वाटत होती. जिथे सगळं गोठतं तिथे माणूस हाताशी असेल ते आधी शेकोटीपाशी नेतो, हे त्यांच्यातल्या कुणाच्याच डोक्यात आलं नव्हतं. आणि ज्याच्या डोक्यात आलं असतं त्या आर्नोला बारुदीबद्दल एक अक्षर सांगायची मुभा नव्हती. कारखान्याच्या प्रत्येक खोलीत, या निवाऱ्यातसुद्धा, भिंतीवर तो छापील हुकूम टांगलेला होता: आपल्या कामापुरतं जाणा, त्याहून अधिक नाही. आर्नोचं काम नळी खांद्यावर घेऊन चाप ओढायचं. त्याला एवढंच सांगितलं होतं की आज नवा माल आहे.

"शेगडी विझव," हेर्टा म्हणाली.

"का?"

"विझव म्हणते ना."

"बरं बाई, डॉक्टरीणबाई." तो उठला. मांडीतल्या जुन्या जखमेमुळे उठताना त्याला बाकाचा आधार घ्यावा लागला. त्याच मांडीपायी तो इस्पितळात पडला होता, आणि तिथून परत आघाडीवर जाऊ नये म्हणून हेर्टाने लोझिंगरांकडे दहादा खेपा घालून त्याला इथे चाचणीवर लावून घेतलं होतं. डोळ्यांसमोर राहील म्हणून.

बाहेर खंदकाच्या काठावर मेजर ट्राउटवाइन दुर्बिणीतून माळाच्या टोकाकडे पाहत उभा होता. तिथे पकडलेल्या रशियन रणगाड्याचं धूड बर्फात रुतवून ठेवलं होतं. लोहमार्गावर बॉम्ब पडल्यामुळे मेजर सकाळऐवजी दुपारी पोचला होता आणि त्या अवधीत लोझिंगरांनी हेर्टाला कचेरीत बसवून काय बोलायचं, काय नाही याची उजळणी घेतली होती. त्याच अवधीत इकडे शेगडी पेटली होती.

ती लोझिंगरांच्या जवळ गेली आणि खालच्या आवाजात म्हणाली, "रॉकेटं तापलीयत."

"म्हणजे?"

"सकाळपासून शेगडीपाशी होती. आज यातलं एकही उडवता येणार नाही. कोठारातून गार आणवा."

लोझिंगरांचा चेहरा बदलला नाही. मेजरची पाठ त्यांच्याकडे होती. "कोठारातून आणवायचं कारण काय सांगू? बारमाही रॉकेटला शेगडी चालत नाही, असं?"

"नळी फुटेल."

"भांड्यात फुटेल असं तुम्हाला वाटलं. नळीत तुम्ही पाहिलेलं नाही. कारागीर थोडी जास्त ताकद ठेवूनच नळ्या करतात." त्यांनी हातमोज्याची बोटं नीट केली. "भिंतीवरचा हुकूम वाचता ना रोज? मग मेजरसमोर बारुदीवर व्याख्यान नको. भरा."

भरायचं काम हेर्टाचंच होतं. या चाचणीच्या मैदानाचा तो रिवाज होता. ज्याने बारूद केली त्यानेच नळी भरायची, आणि बार होईपर्यंत चाप ओढणाऱ्याच्या पाठीशी गुडघ्यावर बसून राहायचं. जुन्या चाचणीप्रमुखाने तो घालून दिला होता आणि तो म्हातारा गेल्यावरही कुणी मोडला नव्हता.

आर्नोने गाळणी काढून टाकलेला वायुमुखवटा चढवला, डोक्यावर टोपडं ओढलं आणि खंदकाच्या काठावर गुडघा टेकून नळी खांद्यावर घेतली. हेर्टाने मागून रॉकेट आत सरकवलं. ऊब हातमोज्यातूनही कळत होती. रॉकेटच्या शेपटीतून एक तार निघायची, तिच्या टोकाचा प्लग नळीच्या मागच्या खाचेत खोचायचा, की काम संपलं. चाप ओढला की वीज तारेतून बारुदीपर्यंत जायची.

तिने प्लग खाचेपाशी नेला. आत घातला नाही. बोटांनी खाचेच्या तोंडाशी नुसता टेकवून ठेवला आणि आर्नोच्या खांद्यावर थाप मारली.

आर्नोने चाप ओढला. टक् असा आवाज झाला. त्याने पुन्हा ओढला. पुन्हा टक्.

"फुसका," तो मुखवट्यातून म्हणाला.

"सगळे खाली!" हेर्टा ओरडली. फुसक्या बाराचा नियम सगळ्यांना ठाऊक होता. नळी रणगाड्याच्या दिशेला धरून थांबायचं, मग रॉकेट अलगद काढून लांब बर्फात नेऊन ठेवायचं. मेजर आणि लोझिंगर खंदकाच्या पार दुसऱ्या टोकाला गेले. भाऊ-बहीण दोघंच काठावर राहिले.

"आर्नो, वळू नकोस. ऐक फक्त," ती म्हणाली. "मी प्लग घातलाच नव्हता."

मुखवटा हलला नाही. "वेड लागलंय तुला?"

"ही बारूद वेगळी आहे. थंडीसाठी केलीय. गरम झाली की नळी फोडेल."



"म्हणजे मी सकाळपासून माझं मरण शेकत बसलो होतो," आर्नो म्हणाला. "आणि हे तू मला आत्ता सांगतेस."

"सांगायची बंदी होती."

"हो. भिंतीवर लिहिलंय." तो हसला की खोकला, कळलं नाही. "आणि ते तुझे डायरेक्टर? त्यांना माहीत आहे?"

"माहीत आहे."

"छान. आणि बाकीची?"

"सगळी सारखीच."

"बर्फात टाकू. गार होतील."

"वरचं लोखंड होईल. आतली बारूद संध्याकाळपर्यंत नाही होणार."

तिने रॉकेट काढलं, लांब नेऊन बर्फात ठेवलं आणि परत आली. तोवर मेजर खंदकातून चालत आला होता. "झालं? दुसरं घ्या. अंधार पडायच्या आत मला परत निघायचंय."

आर्नोने मुखवटा उतरवला आणि काचा पुसायला लागला. एक काच पुसली, उजेडाकडे धरून पाहिली, पुन्हा पुसली.

"काय चाललंय, कॉर्पोरल?"

"काचेवर वाफ धरलीय, मेजरसाहेब. रणगाडा दोन-दोन दिसतो. एकावर मारलं तर दुसऱ्याला राग यायचा."

मेजर हसला नाही. "कुठे होतास?"

"विटेब्स्क."

"तिथे काच पुसायला रशियन थांबत होते का?"

"नाही, मेजरसाहेब. म्हणून तर तोंड असं झालं."

"फ्रॉइलाइन," लोझिंगर मागून म्हणाले. त्यांचा आवाज शांत होता. "दुसरं रॉकेट."

तिने बाकावरून दुसरं उचललं. एका माणसाच्या हातून एकदा फुसका बार होऊ शकतो. लागोपाठ दुसरा झाला तर त्याला घातपात म्हणतात, आणि प्लग कुणी खोचला होता हे विचारायला फार हुशारी लागत नाही. आर्नोने मुखवटा चढवला. त्याने नळी खांद्यावर घेतली. तिच्याकडे पाहिलं नाही. तो नाही म्हणाला असता तर हुकूम मोडला म्हणून त्याला भिंतीशी उभं करून गोळी घातली असती, हे दोघांनाही ठाऊक होतं. तो सगळं तिच्यावर सोपवून बसला होता.

तिने रॉकेट सरकवलं. प्लग हातात घेतला.

"मेजरसाहेब," ती उठून उभी राहिली. "हा बार होऊ देऊ नका. नळी फुटेल."

मेजर तिच्याकडे वळला.

"पुन्हा बोला," मेजर म्हणाला.

"रॉकेट शेगडीपाशी तापलंय. ही बारूद गारठ्यासाठी आहे. तापल्यावर दाब नळीला झेपत नाही."

"मला पत्र आलंय की रॉकेट बारमाही आहे."

"आहेच," लोझिंगर पुढे आले. "फ्रॉइलाइन दमल्यात. गेले कित्येक आठवडे रविवारची सुट्टीसुद्धा घेतली नाही त्यांनी. भाऊ समोर आहे, घाबरल्या. आणि यदाकदाचित काही झालंच, तर ते रॉकेटात बारूद भरताना झालेल्या चुकीमुळे होईल. भरणी शेडमध्ये त्या पूर्वेच्या बायका आहेत. कुणाच्या पाळीत भरलं ते मी तासाभरात काढून देतो."

शरदात एक नळी फुटली होती तेव्हाही हेच झालं होतं. दोष नळीच्या जोडात होता, पण एक बंद गाडी आली आणि भरणी शेडमध्ये वेठीला आणलेल्या दोन युक्रेनियन बायका त्या गाडीत गेल्या. त्या परत आल्या नाहीत. हेर्टाने तेव्हा तोंड उघडलं नव्हतं.

"भरणी मी स्वतः तपासलीय," ती म्हणाली. "वजनं बरोबर आहेत. दोष भरणीत नाही. तापण्यात आहे. मी हे डायरेक्टरसाहेबांना गेल्या आठवड्यात सांगितलंय आणि आत्ता पुन्हा सांगितलं."

मेजरने लोझिंगरांकडे पाहिलं, मग तिच्याकडे. कुणाचं खरं यात त्याला फारसा रस दिसला नाही. एखादी वस्तू चालते की नाही, एवढंच पाहायला आलेल्या माणसासारखा तो उभा होता.

"नळी वाळूच्या पोत्यांवर ठेवा," तो म्हणाला. "चापाला दोरी बांधा. सगळे निवाऱ्यात."

आर्नोने दोरी बांधली. हेर्टाने या वेळी प्लग खाचेत घट्ट खोचला. निवाऱ्याच्या भिंतीआड सगळे वाकून बसले आणि मेजरने स्वतः दोरी ओढली.

आवाज नेहमीपेक्षा आखूड आणि कोरडा होता. छतावर काहीतरी आपटून घरंगळत गेलं. धूर निवळला तेव्हा नळी मधोमध कणसाच्या पानांसारखी सोलून निघाली होती, आणि चाप ओढणाऱ्याचं डोकं जिथे असतं तिथलं वाळूचं पोतं फाटून रिकामं झालं होतं. रॉकेट जेमतेम खंदकापलीकडे जाऊन बर्फात न फुटता पडलं होतं.

आर्नो त्या पोत्याकडे पाहत राहिला. त्याने सिगारेट तोंडात धरली, पण काडी पेटेना. हेर्टाने त्याच्या हातातून पेटी घेऊन काडी ओढली.

"अशी वेळ यायला लागते तुला माझी सिगारेट पेटवायला," तो पुटपुटला.

लोझिंगरांनी टोपी काढून तिच्यावरचा बर्फ झटकला आणि पुन्हा घातली.

मेजरने कोठारातून गार रॉकेटं आणि नवी नळी मागवली. ती येईपर्यंत उजेड पिवळा पडला. हेर्टाने भरलं, आर्नोने चाप ओढला. झोत नळीच्या मागून सरळ निघाला, पुढे एक ठिणगीसुद्धा आली नाही, आणि रणगाड्याच्या बुरुजावर पांढरा भपकारा उठला. जवळ जाऊन पाहिलं तर चिलखताला अंगठ्याएवढं गुळगुळीत भोक पडलं होतं आणि आतली लोखंडी आसनं वितळली होती. आर्नोने मुखवटा काढला. त्याच्या तोंडाला काहीच झालं नव्हतं.

"चांगलं आहे," मेजर म्हणाला. दिवसभरात तेवढं एकच त्याने मनापासून म्हटलं. "पहिली खेप उद्याच जाईल. शेपटीवर हिवाळ्याची खूण रंगवा."

"आणि उन्हाळ्यात, मेजरसाहेब?" हेर्टाने विचारलं. "उरलेली परत मागवायला हवीत."

"एप्रिलपर्यंत यातलं काही उरणार नाही." तो थांबला. "वापरणारेही फारसे नाहीत."

मग तो बर्फात ठेवलेल्या पहिल्या रॉकेटपाशी गेला, वाकला आणि तारेचं टोक बोटांत धरून बारकाईने पाहू लागला. प्लगच्या पितळेवर खाचेत घुसल्याचा एक ओरखडा नव्हता.

"हा आत गेलाच नव्हता," तो म्हणाला.



"मीच म्हटलं तिला, थांब जरा," आर्नो म्हणाला. "मला खोकला आला होता."

"खोकला." मेजरने प्लग सोडून दिला. "माझ्याकडे फुटलेली नळी आहे, चालणारं रॉकेट आहे आणि बारूद करू शकणारी एकच बाई आहे. तिला मी तुरुंगात घालणार नाही. डॉक्टर लोझिंगर, तुमच्या पत्राबद्दल बर्लिनमध्ये बोलू. पण कॉर्पोरल, तुला या बारुदीबद्दल काही माहीत असायला नको होतं, आणि आता सगळं माहीत आहे. असा माणूस मला इथे नकोय. मला तो तिथे हवाय, जिथे शिपाई रॉकेटं पांघरुणात घेऊन झोपतात. तू खेपेबरोबर जाशील आणि त्यांना शिकवशील."

"त्याची मांडी—" हेर्टा म्हणाली.

"शिकवायला मांडी लागत नाही."

दुसऱ्या दिवशी सकाळी मालगाडीला जायचा ट्रक कारखान्याच्या आवारात उभा होता. पेट्यांवर हिवाळ्याची खूण अजून ओली होती. आर्नो मागच्या बाजूला पेट्यांच्या मधल्या खाचेत पाय लांब करून बसला होता आणि कुणीतरी दिलेली जवाची कॉफी पीत होता.

"मला तिथून सोडवायला तू किती जणांचे पाय धरलेस," तो म्हणाला, "आणि परत पाठवलंस सरकारी गाडीनं. बसायला जागा, वर कॉफी."

"गप्प बस."

"बसतो. पण आधी एक सांग. मेजर म्हणतो शिकवायचं. मला एवढंच ठाऊक आहे की शेगडी नको. आणि कुणी आधीच शेकलं असेल तर? नुसतं अंगाशी धरलं असेल तर? किती गरम म्हणजे जास्त?"

फाटकावरचा पहारेकरी बोलणं ऐकू येईल इतक्या जवळ उभा होता. त्याच्या डोक्यावर, फाटकाच्या खांबाला, तोच छापील हुकूम टांगला होता. चालकाने इंजिन सुरू केलं.

हेर्टाने पहारेकऱ्याकडे पाहिलं. मग ट्रकच्या फळीला धरून ती बोलायला लागली, मोठ्याने, इंजिनच्या वर. उघड्या हाताला कोमट लागलं की उडवायचं नाही. अंगाशी धरून झोपलेलं रॉकेट सकाळी बाहेर ठेवायचं आणि दिवसभर हात लावायचा नाही. वरचं लोखंड गार झालं म्हणून फसायचं नाही, बारूद आत असते आणि सावकाश निवते. रणगाड्याच्या इंजिनावर पेट्या लादायच्या नाहीत. घरात घेतलं तर स्वयंपाकघरात नाही, कोठीत. ट्रक हलला. ती फळी न सोडता बाजूने चालू लागली.

"आणि ऊन," ती ओरडली. "मार्चमध्ये कापडाखाली ऊन साठतं. पेट्या उघड्या—"

"हळू बोल, बाई. अख्ख्या सॅक्सनीला ऐकू जाईल."

"जाऊ दे. पेट्या उघड्या ठेवायला सांग, उत्तरेच्या बाजूला, भिंतीच्या सावलीत—"

ट्रकने वेग घेतला आणि फळी तिच्या हातातून सुटली. पहारेकरी तिच्याकडे एकटक पाहत होता. ती फाटकाबाहेर रस्त्यावर येऊन, दोन्ही हात तोंडाशी धरून, आर्नो दिसेनासा होईपर्यंत सांगत राहिली.